खोड सांगणारा मोहरीर

त्याच्या मातीला मी गेलो नाही असं आमच्या बाजारात काही लोक सांगतात. गेलो होतो. मागं, बाभळीपाशी उभा होतो. पुढं गेलो असतो तर माझ्या तोंडून शिवी निघाली असती, आणि मेलेल्या माणसाला शिवी देऊ नये एवढं आमच्या याडीनं, म्हणजे आईनं, मला शिकवलं होतं. जिवंतपणी मात्र मी त्याला भरपूर दिल्या.

आमच्याकडं बैल विकला की दाखला लागतो. विकणारा कोण, घेणारा कोण, रंग कोणता, शिंगं कशी, डाग कुठं, हे लिहून शिक्का मारलेला कागद. तो नसला तर रस्त्यात कोणीही उठून बैल चोरीचा म्हणून अडवतो. हा दाखला लिहिणाऱ्या सरकारी कारकुनाला मोहरीर म्हणत. बाजाराच्या टोकाला टिनाची खोली, तिला एक खिडकी, आणि खिडकीच्या आत हा बसलेला. पांढरा सदरा, गळ्यापर्यंत गुंड्या लावलेल्या. उन्हाळ्यात टिन तापून माणूस भाजून निघायचा, पण वरची गुंडी उघडलेली मी कधी पाहिली नाही.

मी तांड्यावरचा. आजा बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलूख फिरला, बाप दुसऱ्याची गुरं राखत मेला. मी बाजारात दोर धरून उभा राहिलो तेव्हा धंदा शिकवणारा कोणी नव्हता. रुमालाखाली हात घालायचा, बोटांनी भाव सांगायचा, समोरच्याच्या तोंडाकडं न बघता त्याच्या हाताच्या घामावरून ओळखायचं की हा अजून किती वर येईल. हे मी माझं मीच शिकलो. हात सुटला की सौदा पक्का. मग आभाळ कोसळलं तरी शब्द फिरत नाही. माझी सगळी कमाई त्या एका गोष्टीवर उभी होती.

बाजाराचा आणखी एक जुना रिवाज होता. विकणाऱ्यानं जनावराची खोड आधीच सांगितली तर ते जनावर परत येत नाही. मारका असेल, चारा टाकत असेल, जुवात बसत असेल, म्हणजे जू मानेवर पडलं की खाली बसकण मारत असेल, तर सांगून मोकळं व्हायचं. लपवली आणि मागून निघाली, तर घेणारा पुढच्या बाजारी बैल आणून तुझ्या दारात बांधणार. रिवाज सगळ्यांना ठाऊक होता आणि पाळत कोणी नव्हतं. सरकारी कागदातही खोड लिहायला जागा नव्हती. पण हा बाबा लेखणी खाली ठेवून विचारायचा, "खोड?"

मी पहिल्यांदा त्याच्या खिडकीशी गेलो तेव्हा म्हटलं, "काही नाही."

त्यानं दौतीवर झाकण ठेवलं.

"लिहा ना," मी म्हटलं.

"लिहितो. खोड सांग."

"अहो, नाही म्हन्लं न."

"नाईक, खोड नसलेला बैल देवळासमोर बसलेला असते, दगडाचा. हा तं शेण टाकून राह्यला."

रांगेतली माणसं हसली. नाईक म्हणजे तांड्याचा प्रमुख. मी प्रमुखबिमुख कोणी नव्हतो, म्हणूनच तो मला नाईक म्हणत असावा. मी ओरडलो, खिडकीवर हात आपटला, त्याच्या खानदानाबद्दल दोन गोष्टी बोललो. तो झाकलेल्या दौतीकडं बघत बसला. मागून कोणीतरी म्हणालं, "सांग ना बे, आमचा बी दिवस घालवतं काय?" शेवटी मी दात खात म्हटलं, "पान्यात उतरत नाही."

घेणारा माळरानावरच्या गावचा होता. तो म्हणाला, "आमच्या गावात पानी हायेच कुठं?" आणि बैल घेऊन गेला.

मोहरीरनं शिक्का मारला. "पाह्यलं?" तो म्हणाला. मला त्याच्या नरडीला हात घालावासा वाटला. पण खोटं कशाला सांगू, वर्ष-दोन वर्षांत असं झालं की आमच्या बाजारात घेतलेला बैल परत जात नाही अशी ख्याती पसरली आणि लांबलांबून लोक येऊ लागले. त्याचा फायदा मला झाला. त्याला काय झाला ते पुढं येईल.

तो स्वतः कधीच भाव करत नसे. भाजीवाली सांगेल तेवढे पैसे द्यायचा. बायांना ते कळलं होतं, म्हणून त्या त्याला चढा भाव सांगायच्या, आणि त्यानं मुकाट्यानं पैसे दिले की त्यांनाच लाज वाटून वरून मूठभर सांभार, म्हणजे कोथिंबीर, टाकायच्या. मी एकदा म्हटलं, "मोहरीर साहेब, तुम्ही बाजाराची चाल बिघडवता."

"भाव करनं म्हणजे दोघांनं मिळून खोटं बोलनं," तो म्हणाला.

"दोघं मिळून खऱ्यापाशी येतात, त्याले भाव करनं म्हणतात. एकटा माणूस खऱ्यापाशी पोचत नाही."

"तू पोच. मी इथंच बसलो आहो."

छप्पन सालच्या दसऱ्याला तो नागपूरला गेला आणि दीक्षा घेऊन आला. रजा मागितली असती तर मिळाली नसती, म्हणून मागितलीच नाही. त्या बाजारी खिडकी बंद होती. बाजारातल्या माणसांनी आपसात सांभाळून घेतलं, वरच्यांना पत्ता लागला नाही. परत आला तेव्हा चेहरा असा, जसा तापातून उठलेल्या माणसाचा असतो, हलका. घरातले देव त्यानं विसर्जन केले होते. मला म्हणाला, "खोटं बोलनार नाही अशी शपथ घेतली नाईक, सगळ्यायनं मिळून."

"तुम्ही तं आधीपासूनच बोलत नव्हते."

"आधी सवय होती. आता शपथ आहे."

तिथून त्याचं दुखणं वाढलं, असं मी म्हणतो. त्याला दुखणं म्हटलेलं आवडलं नसतं.

त्याला एक मुलगी. चुणचुणीत, सातवी शिकलेली, हसली की सगळं घर हसायचं. राजूरकडून एक स्थळ आलं. मुलगा कोळशाच्या खाणीत पक्क्या नोकरीवर. मध्यस्थ म्हणून मीच तिथं होतो, कारण मुलाच्या काकाला मी बैलजोडी मिळवून दिली होती. पोरगी चहा देऊन आत गेली, मुलाच्या आईनं समाधानानं मान हलवली. मी म्हटलं, झालं. तेवढ्यात हा म्हणाला, "एक सांगायचं आहे. पोरीले डाव्या कानानं कमी ऐकू येते. लहानपणी कान फुटला होता."

कोणी विचारलं नव्हतं. पाहुण्यांनी चहा संपवला, पान घेतलं, कळवतो म्हणाले. कळवलं नाही.

ते गेल्यावर मुलगी बाहेर आली. "बाबा, मी बैल आहो काय?"

"नाही वो. बैलाले कोणी विचारत नाही."

"मले तरी कुठं विचारलं?"

बायको चुलीपाशी बसून होती. ती मला म्हणाली, "भाऊ, ह्या माणसाचं तोंड मले शिवून द्या कोणी." मी रागानं उठून आलो. वाटेत तो मागून धावत आला. मला वाटलं, चूक झाली म्हणेल. म्हणाला, "आता जिथं जाईल तिथून परत तं येनार नाही न ती."

पोरगी बरीच वर्षं घरीच राहिली.

आता मुख्य गोष्ट. साठ साल उलटून गेलं होतं, राज्य नवं झालं होतं. बाजार चालवणाऱ्या ज्या तालुका सभेचा हा नोकर, तिचे एक निवडून आलेले मेंबर स्वतः बैलजोडी घेऊन बाजारात आले. जोडी देखणी. डावा बैल जुवात बसायचा, हे त्यांच्या गावात पोराटोरांना ठाऊक होतं. घेणारा घाटंजीकडचा एक साधा शेतकरी, मेंबरसाहेब स्वतः देतात म्हणून हरखलेला. साहेब रांगेत उभे राहिले नाहीत. सरळ खिडकीशी आले.

"खोड?" यानं विचारलं.

"मेंबराच्या बैलाले खोड विचारतं?"

"बैल मेंबर नसते, साहेब."

साहेबांनी काय म्हटलं ते मी लिहीत नाही. त्याची जात काढली, दीक्षा काढली. हा उठला, बाहेर आला, खिडकीखालच्या ओट्यावर चढला आणि साऱ्या बाजाराला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, "डावा बैल जुवात बसते." मग खिडकी लावली, कुलूप घातलं, किल्ली खिशात टाकली आणि घरी गेला.

दुपार व्हायची होती. शेकडो जनावरं उभी. दाखल्यावाचून कोणी हलू शकेना. दूरच्या गावचे लोक बैलांसह उपाशी बाजारातच मुक्कामाला राहिले. माझे ठरत आलेले सौदे फिसकटले. मी त्याच्या घरापुढं जाऊन बोंबललो. त्यानं दार उघडलं नाही. ही त्याची चूक होती, आजही म्हणतो. खोड सांगितली ती चूक नव्हती, कुलूप लावलं ती होती.

दोषारोपाचा कागद आला. वरिष्ठांशी उद्धट वर्तन, आणि परवानगीवाचून काम बंद ठेवणं. त्याला कामावरून दूर ठेवलं, चौकशी नेमली. त्याची बायको माझ्याकडं आली. "भाऊ, तुम्ही सगळ्यायचे सौदे करता. ह्यायचं काही करा."

मी मेंबराकडं गेलो. त्यांच्या ओसरीत बसलो, चहा घेतला, पावसापाण्याचं बोललो. मग रुमाल काढला आणि हसत म्हटलं, "साहेब, द्या हात. आज बैल नाही, मोहरीर आहे." त्यांनाही गंमत वाटली. ते बडतर्फीपासून निघाले. मी ताकिदीपासून. ते म्हणाले, याले बाजारात नाक घासायला लावीन. मी म्हटलं, नाक घासलेला माणूस तुमच्या काय कामाचा, इलेक्शनमध्ये त्याच्या वस्तीची मतं पाहा. ते बदलीवर आले. मी म्हटलं, बदली नको, घरात लग्नाची पोरगी आहे. दिवस कलेपर्यंत बसलो आणि दोन वर्षं पगारवाढ बंद, यावर हात सुटला. तोडगा असा होता: यानं आरोप नाकबूल म्हणायचं. साहेब साक्षीला यायचे नाहीत. बाजारातला कोणी बोलणार नाही हे मी पाहीन. चौकशीच्या अधिकाऱ्याशी साहेबांचा घरोबा, तिकडची बाजू त्यांनी सांभाळायची. चौकशी लंगडी पडेल, आणि लाजेकाजेस्तव तेवढी शिक्षा देऊन कागद बंद होईल.

माझ्या आयुष्यातला तो सगळ्यात चांगला सौदा. अजूनही म्हणतो.

मी मोहरीरला सगळं समजावलं. "एकच शब्द बोलायचा. नाकबूल."

तो गप्प होता. मी ते होकार समजलो. त्याची बायकोही होकारच समजली.

चौकशी डाक बंगल्यावर झाली. मी बाहेर झाडाखाली बसलो होतो. दार उघडं होतं, सगळं ऐकू येत होतं. अधिकाऱ्यानं आरोप वाचले आणि विचारलं, कबूल की नाकबूल.

"कबूल," हा म्हणाला. "खिडकी मी लावली. लोकायले त्रास झाला. आणि एक सांगायचं राह्यलं."

मी उठून उभा राहिलो.

"छप्पन साली दसऱ्याच्या बाजारी मी रजेवाचून नागपूरले गेलतो. तेव्हाही खिडकी बंद होती. ते तुमच्या कागदात नाही."

अधिकाऱ्यानं लेखणी उचलली आणि तेही लिहून घेतलं. त्याला वाईट वाटलं असावं, कारण त्यानं विचारलं, "आणखी काही म्हणायचं आहे? माफी वगैरे?"

"माफी बाजाराची मागतो. मेंबरसाहेबांची नाही."

बाहेर आला तेव्हा मी त्याची कॉलर धरली. ती वरची गुंडी तुटून पडली. "कायले सांगितलं बे ते? कोणी विचारलं होतं?"

"नाईक, मी आयुष्यभर लोकायच्या तोंडून खोड काढली. माही पाळी आली तं दगडाचा होऊ काय?" मग म्हणाला, "सांगून दिली की परत करता येत नाही. तुमचाच रिवाज आहे."

तेव्हा मला कळलं की हा माणूस नोकरीला बैलाचा बाजार समजतो आहे. त्याला खरंच वाटत होतं की सगळं आपणहून सांगितलं म्हणजे सरकार त्याला खोडीसकट ठेवून घेईल. बाजारात तसं होतं. बाजारात घेणाऱ्याला बैल हवा असतो. इथं मेंबराला हा नकोच होता, आणि यानं स्वतःच्या हातानं कारण लिहून दिलं.

बडतर्फ. आदेशात लिहिलं होतं, कसूर स्वतः कबूल केला आहे, पूर्वीही विनापरवानगी गैरहजर राहण्याची सवय दिसते. त्याच्या जन्मातला सगळ्यात मोठा दिवस, त्याला सवय म्हटलं. बडतर्फ म्हणजे इतक्या वर्षांची चाकरी मातीत, म्हातारपणाचं काही नाही, आणि पुन्हा सरकारच्या दारात उभं राहता येत नाही. मेंबरसाहेबांनी मला निरोप पाठवला, तुझ्या शब्दावर आता सौद्याला बसायचं नाही. तो माणूस पुन्हा माझ्याकडून बैल घ्यायला आला नाही, त्याच्या ओळखीचे आले नाहीत. हात सुटल्यावर मोडलेला माझा तो एकच सौदा.

वर अपील केलं, फेटाळलं. मग नागपूरला हायकोर्टात. वकील तरुण होता, त्याच्याच समाजाचा, फी घेतली नाही. त्यानं आम्हाला आधीच सांगितलं, "कोर्ट दोन गोष्टी बघते. तुमचं म्हणणं ऐकून घेतलं का, आणि पुरावा आहे का. तुमचं ऐकलं, आणि पुरावा म्हणजे तुम्हीच. शिक्षा जास्त झाली का कमी, त्यात कोर्ट सहसा पडत नाही."

"मग कोण पडते?" मी विचारलं.

"खातं."

"खात्यानंच तं दिली न शिक्षा."

वकिलानं खांदे उडवले नाहीत, हसलाही नाही. म्हणाला, "हो."

सुनावणीला मीही त्याच्यासोबत गेलो. मला इंग्रजी कळत नाही, वकिलाचा कारकून शेजारी बसून कानात सांगत होता. आमच्या वकिलानं जीव तोडून सांगितलं. दुसऱ्या एका बाजारात मोहरीरनं चोरीच्या बैलांचे दाखले दिले, त्याची नुसती बदली झाली, आणि हा एक दिवस खिडकी लावतो तर बडतर्फ. वर बसलेल्या दोघांतले वयस्क न्यायमूर्ती पुढं वाकले. समोरच्या वकिलाला त्यांनी विचारलं, एवढ्यासाठी बडतर्फ? समोरचा गडबडला. मोहरीर ताठ बसला. मला वाटलं, बोटं वळायला लागली, आता हात सुटणार.

सुटला नाही. निकाल आला तो असा. चौकशी रीतसर झाली. कसूर कबूल आहे. शिक्षा आम्हाला जड वाटते, आमच्या हाती असती तर इतकी दिली नसती. पण ती ठरवणं खात्याचं काम, आमचं नाही. अर्ज फेटाळला.

मी बाहेर येऊन वकिलाशी भांडलो. त्या गरिबाचा काय दोष. म्हटलं, "दात पाह्यले, खूर पाह्यले, चालवून पाह्यला, आणि किमतीची गोष्ट निघाली तं म्हणतात आम्ही किमतीत पडत नाही. मंग पाह्यले कायले?" जे मी एका ओसरीत एका दुपारी करून दाखवलं होतं, ते एवढ्या मोठ्या इमारतीत कोणाला करता येईना.

आणि हा माणूस हसत होता. "म्हणले न, जड आहे म्हणून? नाईक, तुले ऐकू आलं न?"

परतीच्या बसमध्ये यवतमाळपर्यंत तो तेच बोलत होता. खिडकीबाहेर कापूस फुटलेला, आणि हा दर थोड्या वेळानं माझ्या मांडीवर हात ठेवून, "जज्जानं म्हणलं. लिहून दिलं." मी एक शब्द बोललो नाही. बोललो असतो तर बसमधून ढकलला असता.

घरी पोचलो तेव्हा त्याची बायको दारातच उभी होती. त्यानं चपला काढल्या नव्हत्या, तिनं विचारलं, "नोकरी?"

"जज्ज म्हणले, शिक्षा जड आहे."

"मंग?"

"जड आहे असं लिहून दिलं त्यायनं."

ती सावकाश म्हणाली, "जड आहे हे मले घरी बसून ठाऊक होतं. तेवढं ऐकायले नागपूरले जा लागते?"

तो भिंतीशी जाऊन बसला. पोरीनं पाण्याचा तांब्या पुढं ठेवला, तो त्यानं घेतला नाही. त्या दिवशी पहिल्यांदा तो मला म्हातारा दिसला.

त्यानंतर तो फार वर्षं जगला नाही. बाहेर कमी निघायचा. मी एकदाही भेटायला गेलो नाही. मला राग होता, आणि तो राग मी जपून ठेवला होता, आजही आहे. माझ्या शब्दाला त्यानं काडीची किंमत दिली नाही. त्या घरात कोणीच कधी म्हटलं नाही की तू केलं होतंस ते बरं होतं.

फक्त निकालाच्या दुसऱ्या दिवशीचं सांगायचं राहिलं. सकाळी मी जिनिंगवरून, सरकी काढायच्या कारखान्यावरून, चाललो होतो. कापसाचा हंगाम, फाटकापुढं कामाला आलेल्या बायांची गर्दी. त्यात मायलेकी उभ्या. डोक्यावर पदर पुढं ओढलेला, कोणी ओळखू नये म्हणून. मुकादम आईला नको म्हणत होता, फक्त पोरीला घेतो म्हणत होता. म्हातारीचं काम नाही म्हणाला.

मी मुकादमाला बाजूला घेतलं. त्याला मागं एक बैल मी मिळवून दिला होता, त्याची आठवण दिली. तो मान हलवीना. मी आवाज चढवला, मग उतरवला, मग त्याच्या खांद्यावर हात ठेवून हसलो, पुन्हा भांडलो. शेवटी तो म्हणाला, बरं, दोघी या.

मायलेकी फाटकातून आत निघाल्या. जाताजाता त्याची बायको थांबली, पदर जरा मागं केला आणि म्हणाली, "तुम्ही बोलले म्हणून झालं, भाऊ."

हेच मला त्या घरातून ऐकायचं होतं. ते त्या फाटकावर ऐकलं.